चिकणमातीतील पाणी आणि विद्युत्प्रवाह

कालव्याच्या लाभक्षेत्रातील काळी जमीन चोपण झाली म्हणजे शेतकऱ्यापुढे अडचण उभी राहते ती पाण्याचीच. परंतु पाण्याच्या अभावाची नव्हे. वरचे पाणी जमिनीत मुरत नाही आणि मुरलेले बाहेर पडत नाही. सोडियमच्या आधिक्याने मातीचे कण विखुरतात, पाण्याच्या वाटा बुजतात आणि पृष्ठभाग कठीण होतो. चर खणला तरी त्याच्या कडेपासून थोड्या अंतरावरील ओल हटत नाही. अशा जमिनीतून पाणी व क्षार विजेच्या साहाय्याने ओढून काढता येतील काय, असा प्रश्न कोणाही जिज्ञासू शेतकऱ्याच्या मनात यावा हे स्वाभाविक आहे. प्रश्न वाटतो तितका नवा नाही.

मॉस्को येथील प्राध्यापक रॉइस यांनी 1809 साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात ओल्या चिकणमातीत दोन काचनळ्या रोवून त्यांत पाणी भरले होते. विद्युत्प्रवाह सुरू करताच ऋण टोकाकडील नळीतील पाणी वर चढू लागले. याचे कारण मातीच्या स्वभावातच आहे. चिकणमातीच्या कणांवर ऋण विद्युद्भार असतो. त्याभोवतीच्या पाण्यात सोडियम, कॅल्शियम यांसारखे धनभारित कण गोळा झालेले असतात. प्रवाह सुरू होताच हे कण ऋणाग्राकडे निघतात आणि जाताना भोवतालचे पाणी आपल्याबरोबर ओढून नेतात.

या ओढीचा विशेष असा की, छिद्र लहान असल्याने ती फारशी कमी होत नाही. घट्ट चिकणमातीत केवळ उताराच्या बळावर पाणी वर्षभरात जेमतेम काही सेंटीमीटर सरकते. दर सेंटीमीटरला एक व्होल्ट इतका विद्युद्दाब दिल्यास ते दिवसाला एक सेंटीमीटर किंवा त्याहूनही अधिक सरकू शकते. वाळूत मात्र पाणी आपणहून वाहते. तेथे वीज खर्च करणे व्यर्थ होय.

अभियंत्यांनी या गुणाचा उपयोग बांधकामात केला. जर्मनीत झाल्सगिटर येथे 1939 साली रेल्वेमार्गासाठी खोदलेल्या चराच्या कडा ओल्या गाळामुळे ढासळत होत्या. लिओ कासाग्रांदे यांनी तेथे लोखंडी अग्रे रोवून प्रवाह सोडला. पाणी कडांपासून दूर, ऋणाग्रांच्या विहिरींकडे वळले आणि खोदकाम पुरे झाले. अमेरिकेतील ओहायो राज्यात वेस्ट ब्रँच धरणाच्या पायातील चिकणमातीही 1966 साली याच रीतीने पाणी काढून घट्ट करण्यात आली.

पुढे दूषित जमिनीकडे लक्ष गेले. नेदरलँड्समध्ये ग्रोनिंगेन येथे 1987 साली रंगाच्या जुन्या कारखान्याच्या जमिनीतून शिसे व तांबे काढण्यासाठी ही पद्धत वापरली गेली. येथे पाण्याच्या ओढीबरोबर आणखी एक क्रिया घडते. पाण्याचे विघटन होऊन धनाग्रापाशी आम्ल आणि ऋणाग्रापाशी अल्क तयार होते. आम्ल मातीत पुढे सरकते आणि कणांना चिकटलेले धातू सोडवते. ऋणाग्राजवळ अल्काशी गाठ पडली की तेच धातू पुन्हा साक्यात बसतात व वाट अडवतात. म्हणून तेथे सौम्य आम्ल घालावे लागते. काम सावकाश चालते, आठवडे आणि महिने लागतात.

शेतजमिनीवरील प्रयोगाचा मान आपल्याच देशाकडे जातो. पंजाबातील मृदशास्त्रज्ञ अमरनाथ पुरी आणि त्यांचे सहकारी आनंद यांनी विद्युत्प्रवाहाने चोपण जमीन सुधारण्यासंबंधीचे आपले संशोधन 1936 साली प्रसिद्ध केले. सोडियम कणांपासून सुटून दाहक सोड्याच्या रूपाने पाण्याबरोबर बाहेर पडतो, असे त्यांना आढळले. तत्त्व खरे ठरले.

तरीही सांगली, कोल्हापूर किंवा नीरा खोऱ्यातील शेतकऱ्याने यासाठी खर्च करावा काय? आज तरी नाही. ज्या जमिनीत क्षार अधिक, तेथे बहुतेक वीज क्षारच वाहून नेतात आणि पाणी कमी सरकते. म्हणजे जेथे गरज मोठी, तेथेच खर्च अधिक व लाभ थोडा. लोखंडी धनाग्रे गंजून झिजतात. शिवाय ऋणाग्रापाशी गोळा झालेले क्षारयुक्त पाणी बाहेर नेण्यास निचरा हा लागतोच. तो झाल्यावर जिप्समचे कॅल्शियम सोडियमची जागा पुष्कळ कमी खर्चात घेते. माती तपासून जिप्समची मात्रा ठरवावी, चर किंवा भूमिगत सच्छिद्र नळ्या घालाव्यात आणि चांगल्या पाण्याने क्षार धुवून काढावेत. निचऱ्याचे पाणी शेजाऱ्याच्या शेतात सोडू नये, हे वेगळे सांगावयास नको. पण सांगावे लागते.

घरातील किंवा मोटारपंपाची वीज जमिनीत सोडण्याचा प्रयोग कोणीही करू नये. तो प्रवाह दर क्षणी दिशा बदलतो, त्यामुळे पाणी एका बाजूस सरकत नाही. माणूस वा जनावर मात्र प्राणास मुकते.

गावच्या बैठकीत तत्त्व दाखवावयाचे असेल तर काचेच्या पेल्यात काळी माती पाण्यात घट्ट कालवावी आणि जुन्या सेलमधील दोन कांड्या समोरासमोर रोवून त्यांना नऊ व्होल्टची बॅटरी जोडावी. रात्रभरात धन कांडीभोवतीची माती सुकू लागते आणि ऋण कांडीपाशी ओल वाढते. त्या ओलीला हळदीने रंगवलेला कागद लावला असता तो कुंकवासारखा लाल होतो.