रजेवरचा मेजर

जुलै १८९९. टाँटनच्या मैदानावर हॅम्पशायरच्या दोन फलंदाजांनी सॉमरसेटच्या गोलंदाजांना अक्षरशः राबवून घेतलं. सहाव्या विकेटसाठी ४११ धावांची भागीदारी झाली आणि हॅम्पशायरने ७ बाद ६७२ वर डाव सोडला. ३०४ धावा काढणारा होता मेजर रॉबर्ट पूर, सातव्या हुसार घोडदळ पलटणीतला. २२५ काढणारा कॅप्टन एडवर्ड विनयार्ड. दोघेही लष्करी पेशाचे. त्या हंगामात पूरने ९१.२३ च्या सरासरीने १५५१ धावा केल्या. नुसत्या हॅम्पशायरसाठी बघायचं तर १३९९ धावा, सरासरी ११६.५८. ब्रॅडमनची १९३० च्या इंग्लंड दौऱ्यातली सरासरी ९८.६६ होती हे लक्षात घेतलं, की त्या काळच्या खेळपट्ट्यांवर ९१ म्हणजे काय याचा अंदाज येतो. ऑक्टोबरमध्ये बोअर युद्ध पेटलं, पूर दक्षिण आफ्रिकेत गेला आणि असा हंगाम पुन्हा त्याच्या वाट्याला आला नाही. तेव्हापासून त्याची गोष्ट एकाच सुरात सांगितली जाते: लष्कराने क्रिकेटचा एक मोठा फलंदाज पळवला. माझ्या मते ही गोष्ट उलटी सांगायला हवी. पूर नावाचा फलंदाज लष्करानेच घडवला, आणि तोही बराचसा आपल्या पुण्यात.

१८६६ मध्ये डब्लिनला जन्मलेला पूर क्रिकेटपटू म्हणून नावारूपाला आला तो हिंदुस्थानात. पुस्तकं वाचून तो फलंदाजी शिकला असं सांगतात. त्यात अतिशयोक्ती असेलही; पण पुस्तकातला फटका हातात बसायला सराव लागतो आणि सरावाला रिकामा वेळ लागतो. तो त्याला गव्हर्नरच्या पदरी मिळाला. मुंबई इलाख्याचा गव्हर्नर लॉर्ड हॅरिस (१८९० ते १८९५) हा इंग्लंडचा माजी कर्णधार. पूर त्याचा एडीसी, म्हणजे खाजगी दिमतीचा लष्करी अधिकारी, होता. पावसाळ्यात हा सगळा दरबार गणेशखिंडीला, म्हणजे आज पुणे विद्यापीठाची मुख्य इमारत आहे तिथे, मुक्कामाला असे. गव्हर्न्मेंट हाऊसचा स्वतःचा संघ होता, साहेबाला क्रिकेटचं वेड होतं आणि एडीसीच्या कामाच्या वेळा साहेबाच्या आवडीनुसार ठरत. १८९३ च्या ऑगस्टमध्ये मुंबईत दंगल उसळली तेव्हा हॅरिस पुण्यातच राहिला आणि बऱ्याच उशिरा मुंबईत उतरला, ही टीका त्याच्यावर पुढेही होत राहिली. मुंबईकरांच्या दृष्टीने ही बेपर्वाईच. फलंदाजी शिकणाऱ्या तरुण अधिकाऱ्याला मात्र याहून सोयीचा वरिष्ठ मिळणं कठीण.

पुढचा पुरावा कसोट्यांचा. १८९५ मध्ये सातव्या हुसारची बदली दक्षिण आफ्रिकेत झाली आणि काही महिन्यांतच, १८९६ च्या सुरुवातीला, पूर लॉर्ड हॉकच्या इंग्लिश संघाविरुद्ध तीन कसोट्या खेळला. खेळला तो दक्षिण आफ्रिकेकडून! पलटणीचा तळ तिथे होता एवढीच त्याची पात्रता. जॉर्ज लोमनने त्या मालिकेत ३५ बळी घेतले. पूरच्या सहा डावांत मिळून ७६ धावा झाल्या. कामगिरी फिकी, हे कबूल. पण कसोटीची टोपीसुद्धा बदलीच्या हुकुमाबरोबर आली, हे त्याहून महत्त्वाचं आहे.

यावर सरळ आक्षेप येतो: १९०० नंतर लष्करानेच त्याला अडकवून ठेवलं, त्याचं काय? नुकसान खरंच झालं. पूर आणि त्याच्यासारखे अधिकारी युद्धावर गेले आणि १९०० च्या काउंटी स्पर्धेत हॅम्पशायर एकही सामना न जिंकता तळाला राहिली. पूर तिकडे प्रोव्होस्ट मार्शल, म्हणजे लष्करी पोलिसांचा अधिकारी, होता. बोअर कैद्यांना मारल्याबद्दल १९०२ मध्ये गोळ्या घातल्या गेलेल्या ब्रेकर मोरंट या लष्करी अधिकाऱ्याच्या प्रकरणात त्याच्या रोजनिशीचा आधार आजही घेतला जातो. पण हॅम्पशायरची ही दैना माझ्याच बाजूने बोलते. ज्या संघाचा कणा अधिकाऱ्यांच्या रजेवर उभा होता, त्याचा १८९९ चा पराक्रमही त्या रजेचाच होता. कारकिर्दीत पूरच्या ३४४१ धावा, सरासरी ३८.६६. त्यातून १८९९ वगळलं तर सरासरी उरते २६ च्या आसपास. पूर्ण मोकळीक मिळाली ते वर्ष आणि बाकीची वर्षं यांत एवढं अंतर आहे. वरच्या वर्गातल्या हौशी खेळाडूची ही मोकळीक मजुरीवर जगणाऱ्या व्यावसायिकाला कुठून मिळणार?

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. हिंदुस्थानात गोरे अधिकारी पुष्कळ होते, मग पूर एकच का निघाला? अंगचे गुण होते म्हणून. सहा फूट चार इंच उंचीचा हा माणूस पोलो आणि तलवारबाजीतही पटाईत होता. मात्र गुण असूनही संधी नसेल तर काय होतं, याचं उदाहरण त्याच काळात त्याच पुण्यात सापडतं. पाळवणकर बाळू पुणे क्लबात महिना चार रुपयांवर मैदान झाडत, रोलर फिरवत, जाळी बांधत. त्यांचा डावखुरा स्पिन लक्षात आल्यावर गोरे अधिकारी त्यांच्या गोलंदाजीवर सराव करू लागले. त्यांतला जे. जी. ग्रेग पुढे हॅम्पशायरकडूनच खेळला. बाद केल्याबद्दल तो बाळूंना दर खेपेला आठ आणे देई अशी आख्यायिका आहे. चांभार समाजातल्या या तरुणाच्या हाती त्या जाळीत बॅट मात्र कधी दिली गेली नाही. पूरचं ९१.२३ मोठंच आहे, ते कमी लेखण्याचं कारण नाही. पण पुण्याच्या वाचकाने तो आकडा वाचताना शेजारी बाळूंचाही ठेवावा: १९११ मध्ये वयाच्या पस्तिशीत त्यांना इंग्लंड बघायला मिळालं आणि त्या एका दौऱ्यात त्यांनी ११४ बळी घेतले.