दाखला नसलेल्या कवीचा माहितीपट

एखाद्या कवीवर माहितीपट करायचा झाल्यास दिग्दर्शक सहसा त्याचे जन्मघर, कुटुंबाची जुनी छायाचित्रे, नातेवाइकांच्या आठवणी यांचा आधार घेतो. नारायण सुर्वे यांच्या बाबतीत ही वाट आरंभीच खुंटते. १९२६च्या सुमारास मुंबईत रस्त्यावर टाकून दिलेले एक अर्भक गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराला सापडले. त्यांनी व पत्नी काशीबाईंनी ते घरी आणले, वाढवले आणि त्याला आपले नाव दिले. जन्मदाते कोण, हे अज्ञातच राहिले.

म्हणूनच अरुण खोपकर यांच्या माहितीपटाचे ‘नारायण गंगाराम सुर्वे’ हे शीर्षक अर्थपूर्ण ठरते. वाचक कवीला ‘नारायण सुर्वे’ म्हणून ओळखतात. वडिलांचे नाव बहुधा सरकारी कागदांपुरते उरते. येथे ते ठळकपणे येते आणि रक्ताचे नाते नसताना पितृत्व स्वीकारणाऱ्या एका कामगाराची नोंद आपोआप होते.

कवीच्या पूर्वायुष्यासाठी खोपकरांनी अभिनयाचा आधार घेतला. सुर्वे यांची भूमिका किशोर कदम यांनी केली. ते स्वतः ‘सौमित्र’ या नावाने कविता लिहितात. खोपकरांनीही मणी कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’मध्ये (१९७१) कालिदास साकारला होता. माहितीपटात नट आणल्याने सत्याला बाधा येते, असा आक्षेप घेतला जातो. परंतु ज्या आयुष्याची छायाचित्रे कोणी काढलीच नाहीत, ते दाखवायचे कसे? गरिबांच्या चरित्रांपुढे हा प्रश्न नेहमीच उभा राहतो.

त्याचे एक उत्तर सुर्वे यांच्या कवितेतच आहे. घरगडी, गिरणी कामगार, शाळेतील शिपाई आणि पुढे शिक्षक असा प्रवास केलेल्या या कवीने ‘ऐसा गा मी ब्रह्म’ (१९६२) व ‘माझे विद्यापीठ’ (१९६६) या संग्रहांतून कामगारांची बोली आणि रस्त्यावरचे जगणे मराठी कवितेत आणले. १९८२च्या संपानंतर गिरणगाव ओसरत गेले. भोंगे थांबले, चाळींच्या जागी मनोरे आले. जे जग चित्रित करायचे, तेच नाहीसे होत असताना कविता हाच त्याचा दस्तऐवज ठरली.

पन्नासाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत हा माहितीपट सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा मानकरी ठरला. १६ ऑगस्ट २०१० रोजी सुर्वे यांचे निधन झाले. जन्माची नोंद नसलेल्या या कवीच्या आयुष्याची नोंद मात्र आता पडद्यावर कायम आहे, आणि तिच्या शीर्षकात गंगाराम यांचे नावही.