लष्करी बराकींचं शहर

उल्हासनगरात पत्ता सांगताना रस्त्याचं नाव क्वचितच येतं. कॅम्प तीन, अमुक बराक, तमुक खोली, एवढ्यावर टपाल पोचतं. हे आकडे दुसऱ्या महायुद्धातले आहेत. कल्याणजवळच्या या माळावर ब्रिटिशांनी सैनिकांसाठी तात्पुरती छावणी वसवली होती. युद्ध संपलं, सैनिक गेले, बराकी उरल्या. मग फाळणी झाली.

पंजाब आणि बंगाल दुभंगले, पण त्यांचा एकेक तुकडा तरी भारतात राहिला. सिंध अख्खा पाकिस्तानात गेला. जानेवारी 1948 मधल्या कराचीच्या दंगलीनंतर बोटी भरभरून माणसं मुंबईला उतरली आणि सुमारे एक लाख सिंधी या छावणीत आले. एका लांबलचक बराकीत कितीतरी कुटुंबं, मध्ये आडोसा गोणपाटाचा. घरदार, जमीन, दुकान, सगळं पलीकडे राहिलेलं. 8 ऑगस्ट 1949 रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते या वस्तीची कोनशिला बसली आणि शेजारून वाहणाऱ्या उल्हास नदीवरून तिला नाव मिळालं.

सरकारने छप्पर दिलं, शिधा दिला. संसार मात्र लोकांनी स्वतः उभा केला. बायकांनी घरात पापड लाटले, लोणची घातली. पुरुषांनी आणि शाळकरी पोरांनी लोकलच्या डब्यांत गोळ्या-बिस्किटं विकली. त्यातूनच पुढे फर्निचरचा, कापडाचा, जीन्सचा बाजार उभा राहिला. मला याहून मोठी वाटते ती शिक्षणाची जिद्द. सिंधमधल्या हैदराबादला कॉलेज चालवणारे प्राचार्य कुंदनानी यांनी बॅरिस्टर होतचंद अडवाणींसह 1949 मध्येच मुंबईत नवी शिक्षणसंस्था काढली. उल्हासनगरचं चांदीबाई महाविद्यालय तिचंच. पोटाची भ्रांत मिटायच्या आधी शाळा-कॉलेजांचा विचार करणारा समाज भीक मागत नाही, आणि या समाजाने ती मागितलीही नाही.

किंमतही मोजावी लागली. तात्पुरत्या छावणीवर शहर चढत गेलं, त्यामुळे अनधिकृत बांधकामं नियमित करायला वेगळा कायदा करावा लागला. अंबरनाथच्या शिलाहारकालीन शिवमंदिराच्या कडेने येणारी वालधुनी नदी इथल्या आणि आसपासच्या कारखान्यांच्या सांडपाण्याने काळी पडली. ही जबाबदारी शहराला टाळता येणार नाही.

जुन्या बराकी आता पाडल्या जात आहेत, तिथे इमारती येतात. महापालिकेने आणि सिंधी संस्थांनी एकत्र येऊन त्यातली एक तरी बराक, तिच्या नंबरासह, आहे तशी राखावी. फाळणीनंतर इथे आलेली मुलं आज ऐंशीच्या घरात आहेत. त्यांच्या आठवणी नोंदवायचं काम याच वर्षी सुरू व्हायला हवं.