तपास, तोंडी बोलावणे आणि न्यायालय

गुन्ह्याचा तपास हे पोलिसांचे क्षेत्र असून न्यायालयाने त्यात सहसा हस्तक्षेप करू नये, हे तत्त्व प्रिव्ही कौन्सिलने १९४४ साली ख्वाजा नझीर अहमद खटल्यात मांडले आणि स्वतंत्र भारतातील न्यायालयांनीही ते मूलतः स्वीकारले. मात्र तपासाच्या नावाखाली माणसाला छळता येणार नाही, ही त्याची दुसरी बाजू कायद्यात ठामपणे उमटायला पुढची कित्येक दशके जावी लागली. छळ म्हटला की कोठडीतील मारहाण आठवते. परंतु ज्याच्यावर गुन्हाही दाखल नाही अशा माणसाला ‘साहेबांनी बोलावले आहे’ एवढ्याच निरोपावर दिवसेंदिवस ठाण्यात बसवून ठेवणे हाही छळच होय, आणि त्याची नोंद कोठेच राहत नसल्याने तो सिद्ध करणे अधिक कठीण जाते.

वास्तविक साक्षीदाराला बोलावण्यासाठी लेखी आदेश लागतो. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६० मध्ये असलेली ही तरतूद १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ मध्ये आली असून स्त्रिया, १५ वर्षांखालील मुलगे, ६० वर्षांवरील पुरुष, अपंग आणि गंभीर आजारी व्यक्ती यांना त्यांच्या राहत्या जागेखेरीज अन्यत्र हजर राहण्याची सक्ती करता येत नाही. ओडिशाच्या माजी मुख्यमंत्री नंदिनी सत्पथी यांना कटकच्या दक्षता पोलीस ठाण्यात बोलावण्यात आले, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली स्त्रीला ठाण्यात बोलावणे हाच या कलमाचा भंग ठरवला. त्याच निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी थकवून टाकणारी लांबलचक प्रश्नोत्तरे आणि धाकदपटशा यांनाही सक्ती मानले. स्वतःविरुद्ध साक्ष देण्यास भाग पाडले जाऊ नये या संविधानाच्या अनुच्छेद २०(३) मधील हमीला तेथे खरा अर्थ लाभला. मुंबई उच्च न्यायालयाने २०२४ साली अंमलबजावणी संचालनालयाच्या एका प्रकरणात रात्रभर जबाब नोंदवण्यावर ताशेरे ओढून झोप हा मूलभूत मानवी हक्क असल्याचे म्हटले, तेही याच विचाराचे पुढचे पाऊल होय.

मुंबईच्या कोठड्यांतील स्त्रियांच्या छळाबद्दल पत्रकार शीला बारसे यांनी लिहिलेल्या पत्रावर १९८३ साली जो निकाल झाला, त्याने अटक केलेली व्यक्ती समोर येताच तिला छळाबाबत विचारण्याचे कर्तव्य दंडाधिकाऱ्यावर टाकले. पीडिताच्या सर्वांत जवळ असलेल्या या न्यायालयाने तो प्रश्न केवळ उपचार म्हणून विचारला, तर वरची सारी न्यायालये फार उशिरा पोहोचतात. उच्च न्यायालयाचा मार्ग रिट याचिकेचा किंवा नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खालील अंगभूत अधिकारांचा असला, तरी नीहारिका प्रकरणात (२०२१) सर्वोच्च न्यायालयाने ‘सक्तीची कारवाई करू नये’ असे सरसकट आदेश देण्यास मनाई केली. ही मर्यादा योग्यच आहे, कारण खऱ्या आरोपीलाही छळाची तक्रार करून तपास रोखून धरता येतो. म्हणूनच सर्वसाधारण दिलाशापेक्षा नेमका आदेश अधिक कामाचा ठरतो: बोलावणे लेखी असावे, त्यात दिवस व वेळ नमूद असावी, चौकशीची नोंद ठाण्याच्या डायरीत व्हावी.

कायद्याने मनाई केलेली असताना एखाद्याला तपासासाठी हजर राहण्यास जाणूनबुजून भाग पाडणारा लोकसेवक भारतीय न्याय संहितेच्या कलम १९९ खाली किमान ६ महिने ते कमाल २ वर्षे सश्रम कारावासास पात्र ठरतो. त्यासाठी पुरावा मात्र लागतो. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये परमवीर सिंग सैनी प्रकरणात प्रत्येक ठाण्यात कॅमेरे बसवून चित्रण १८ महिने, आणि तेवढी साठवण शक्य नसल्यास किमान एक वर्ष, जतन करण्यास सांगितले आहे; तेव्हा तोंडी बोलावणे आलेल्या माणसाने त्या मुदतीच्या आतच संबंधित दिवसाचे चित्रण राखून ठेवण्याची लेखी मागणी करणे हिताचे.