मृत्यूला चकवणारी नावे

मराठी घराण्यांच्या जुन्या वंशावळींत धोंडू, दगडू, केरू, उकिरडा, भिकाजी अशी नावे जागोजागी आढळतात, आणि आजच्या वाचकाला त्यांत अडाणीपणा दिसत असला, तरी त्यांच्यामागे अनेकदा आधीची मुले पाळण्यातच दगावल्याचे दुःख असे. देखण्या, लाडक्या मुलाला दृष्ट लागते आणि मृत्यूही मोलाचे तेवढेच उचलून नेतो, अशी समजूत असल्यामुळे आईबाप पोटच्या पोराला दगड म्हणत, केर म्हणत. अशा नावांना निंदाव्यंजक नावे, म्हणजे मुलाचे मोल मुद्दाम उणे करून सांगणारी नावे, असे म्हणता येईल; रिचर्ड टेंपल यांनी १८८३ मध्ये पंजाबी व्यक्तिनामांवर लिहिलेल्या प्रबंधातही त्यांची दखल आहे.

बंगालमध्ये या समजुतीला व्यवहाराचे रूप आले. नवजात बालक नावापुरते दुसऱ्याला विकायचे, म्हणजे ते या दुर्दैवी आईचे राहत नाही, असा तो उपाय होता, आणि तिनकडी, पाचकडी या नावांत विक्रीच्या कवड्याच मोजलेल्या आहेत. १८८९ मध्ये मेदिनीपूर जिल्ह्यात जन्मलेले क्रांतिकारक खुदीराम बोस यांच्याआधीचे दोन भाऊ वारले होते, म्हणून थोरल्या बहिणीने त्यांना तीन मुठी ‘खुद’ देऊन विकत घेतले. खुद म्हणजे तांदळाची कणी. कणीच्या मोलाने जगवलेला हा मुलगा १९०८ मध्ये, वयाच्या अवघ्या अठराव्या वर्षी, मुझफ्फरपूरच्या तुरुंगात फाशी गेला.

मंगोलियात ‘नेरगुई’ (निनावी) आणि ‘एनेबिश’ (हा नव्हे) ही नावे दुष्ट शक्तींची दिशाभूल करण्यासाठी ठेवली जात, तर चीनच्या खेड्यांत मुलाला ‘कुत्र्याने खाऊन उरलेला’ अशा अर्थाचे नाव देत. नायजेरियातील योरुबा समाजाची रीत मात्र निराळी, आणि कदाचित सर्वांत हृदयद्रावक आहे. पुन्हा पुन्हा जन्मून मरणाऱ्या मुलाला तेथे ‘अबिकू’ म्हणतात, आणि त्याला मिळणारे नाव ही सरळ त्याचीच विनवणी असते: ‘मालोमो’ म्हणजे पुन्हा जाऊ नकोस, ‘दुरोजाये’ म्हणजे थांब आणि जगण्याचे सुख घे. शेजारच्या इग्बो समाजात हीच विनवणी मृत्यूला केली जाते; चिनुआ अचेबे यांच्या १९५८ च्या ‘थिंग्ज फॉल अपार्ट’ या कादंबरीतील एक्वेफीची दहापैकी नऊ मुले दगावतात आणि त्यांतील काहींची नावे अशीच आहेत.

‘नकुशा’ हे नाव वरवर याच पंक्तीतले वाटते, पण त्याला तेथे बसवणे हा अन्याय ठरेल. ‘दगडू’ म्हणणाऱ्या आईबापांना मूल हवे असते आणि ते मृत्यूशी खोटे बोलतात. ‘नकुशा’ म्हणणारे मुलीच्या पाठीवर मुलगी नको म्हणून खरे तेच बोलतात, आणि ते ऐकण्यासाठी ती मुलगी जिवंत असते. चिनी ‘चाओदी’ (धाकट्या भावाला बोलावणारी) आणि तुर्की ‘येतेर’ (पुरे) ही या नावाची खरी भावंडे होत. २२ ऑक्टोबर २०११ रोजी साताऱ्यात जिल्हा प्रशासनाच्या समारंभात अशा २८५ मुलींना नव्या नावाची प्रमाणपत्रे देण्यात आली. कोणी ऐश्वर्या झाली, कोणी वैशाली.