खंजेरीमागचे साथीदार

महात्मा गांधींच्या निमंत्रणावरून १९३६ मध्ये तुकडोजी महाराज सेवाग्रामला, म्हणजे तेव्हाच्या शेगावला आले आणि सुमारे महिनाभर आश्रमात राहिले. त्यांची खंजेरी भजने वर्धा जिल्ह्यातली भजन मंडळे आजही गातात.

मुख्य गायक स्वतः खंजेरी वाजवतो. मागे पेटी, तबला किंवा ढोलक, टाळ आणि ध्रुपद उचलणारे झीलकरी असतात. गायक मध्येच थांबून व्यसनमुक्ती, ग्रामस्वच्छता यांवर बोलतो. पुन्हा खंजेरीवर थाप पडताच साथीदारांना अचूक समेवर यावे लागते. खरी कसोटी इथेच!

सप्तखंजेरीवादक सत्यपाल महाराजांनी ही परंपरा समाजप्रबोधनाच्या कार्यक्रमांतून पुढे नेली. गावातले अनेक साथीदार मात्र शेती सांभाळूनच ही कला जपतात.