बांधीत धान नको, तर काय?

मध्य प्रदेशातल्या बालाघाटचा शेतकरी धानाच्या बांधीत, म्हणजे बांध घातलेल्या भातखाचरात, संत्री लावू शकतो का? कायद्याने, हो. 1959च्या मध्य प्रदेश भू-राजस्व संहितेत 'शेती'ची व्याख्या चांगलीच ऐसपैस आहे. हंगामी पिकं, फळबाग, गुरांसाठी राखलेलं गवत, इतकंच काय, विड्याची पानं आणि शिंगाडासुद्धा शेतीतच. त्यामुळे पीक बदललं म्हणून 'डायवर्जन', म्हणजे जमिनीचा बिगरशेती वापर, होत नाही. शेतात घर, दुकान किंवा वीटभट्टी उभी राहिली की कलम 59नुसार आकारणी बदलते आणि वादाला सुरुवात होते.

केरळात उलटं. तिथल्या 1967च्या भू-वापर आदेशाने अन्नपिकाखालच्या जमिनीत दुसरं पीक घ्यायचं तर जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायला लावली. 2008च्या कायद्याने तर भातखाचरं बुजवायलाच बंदी केली. खाचर म्हणजे पाणी मुरवणारी ताटली, ती भरली की शेजाऱ्याची विहीरही आटते, हा त्यामागचा हिशेब. संरक्षित खाचरांच्या यादीत नाव नसलं तरी जुना आदेश लागूच राहतो, असं 2015मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं. नारळ लावू म्हणणाऱ्यांची त्याने बरीच अडचण केली.

पुन्हा बालाघाटकडे. तिथल्या 'चिन्नोर' तांदळाला 2021मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. पण मानांकन नाव राखतं, बांधी नाही. धान सोडून दुसरं काही लावणाऱ्याला ते अडवत नाही. जिल्ह्यातल्या बैहरसारख्या आदिवासी भागात मात्र जमीन कोण विकत घेतो, यावर भू-राजस्व संहितेच्या कलम 165ची करडी नजर असते. तिथे प्रश्न पिकाचा कमी, मालकीचा जास्त.